वाडगा लाल होता

बोरोस, स्वीडन
१४ मार्च १९७७

आदरणीय हाल्मोश बाई,

पत्र बघून दचकू नका, मी काही मागायला लिहीत नाही. आडनाव लिंडक्विस्ट असलं तरी जन्माने मी तुमच्याच बाजूची आहे. अक्षर गिचमिड, म्हणून कारखान्याच्या ऑफिसातल्या टाइपरायटरवर लिहिते आहे. आमच्या शिवणखात्यातल्या एका बाईची बहीण बुडापेस्टहून आली, तिने तुमचं छावणीवरचं पुस्तक आणलं. दोन रविवारांत वाचून काढलं. रडले वगैरे नाही, पण दुसऱ्या रविवारी स्वयंपाक केला नाही.

एक चूक दाखवायची आहे. पान एकशे बेचाळीसवर तुम्ही बेर्गेन-बेल्सेनच्या बराकीतल्या वाडग्याचं लिहिलं आहे. तुम्ही आणि तुमची मैत्रीण शारी, दोघींत मिळून एकच वाडगा. वाडगा नाही तर सूप नाही. तापाने मरता मरता शारी तो तुमच्या हातात देते आणि म्हणते, 'तू जग आणि सांग.' तिथे वाडगा निळा लिहिला आहे. तो लाल होता. कडेला टवका उडालेला.

आणि एक विचारायचं होतं. त्या शारीच्या वडिलांचं पुढे काय झालं, ते पुस्तकात कुठेच नाही. एवढंच. राग मानू नये.

श्रीमती एस. लिंडक्विस्ट

—

बुडापेस्ट
२ एप्रिल १९७७

प्रिय लिंडक्विस्ट बाई,

पत्राबद्दल आभार. मला पुष्कळ पत्रं येतात, सगळ्यांना उत्तर देणं होत नाही. पण तुमच्या पत्रात एक मुद्दा आहे, त्याला उत्तर द्यायलाच हवं.

वाडगा निळाच होता. मी तो या हातांनी धरला आहे. जे झालं ते झालंच नाही म्हणणारे लोक आज जगात आहेत, आणि ते असल्याच बारीक गोष्टींवर टपलेले असतात. रंग चुकला, तारीख चुकली की म्हणतात, बघा, सगळंच बनावट. म्हणून त्या पुस्तकातला एकेक शब्द मी तोलून घातला आहे. तो उतारा आता आठवीच्या वाचनमालेत आहे. मुलं 'तू जग आणि सांग' पाठ म्हणतात. शरद ऋतूत दुसरी आवृत्ती निघते आहे, तीत एक अक्षरही बदलायची मला गरज वाटत नाही. तुम्ही दुसऱ्या एखाद्या छावणीतला दुसरा वाडगा पाहिला असेल.

शारीच्या कुटुंबातलं आता कोणी उरलेलं नाही.

उद्या तीन एप्रिल, तिचा दिवस. मी धार्मिक नाही, पण त्या दिवशी तिच्यासाठी मेणबत्ती मात्र लावते. गेली एकोणतीस वर्षं.

आपली,
विल्मा हाल्मोश

—

बोरोस
१५ एप्रिल १९७७

विल्मी,

मेणबत्ती विझव. फुकट मेण जळतंय.

आता ओळखलंस ना अक्षर? गिचमिड असलं तरी तुझ्या वहीशेजारची वही चार वर्षं माझीच होती. वाडगा लाल होता हे मला ठाऊक, कारण तो माझ्या कमरेला बांधलेला होता. तुझ्या नव्हे, माझ्या. परकराच्या नाडीने, दोन गाठी मारून. मी झोपले नव्हते गं. अंगात ताप होता, डोळे उघडत नव्हते, पण कान होते ना! त्या दिवशी चालता येणाऱ्यांना दुसऱ्या बराकीत हलवत होते. तू खाली वाकलीस, आणि गाठ सोडताना तुझी बोटं माझ्या पोटाला लागली. बर्फासारखी गार. पहिली गाठ लगेच सुटली, दुसरीला तुला वेळ लागला. म्हणून तू दात लावलेस.

आणि 'तू जग आणि सांग' असं मी कधी म्हणाले, लेखिकाबाई? मी 'पाणी, पाणी' म्हणत होते. वाक्य छान आहे, मला सुचलं असतं तर बरं झालं असतं. कांद्याच्या व्यापाऱ्याच्या पोरीला असली वाक्यं सुचत नाहीत, हे आपल्या माको गावात कोणीही सांगेल.

तू गेल्यावर सहा दिवस, इंग्रज सैन्य येईपर्यंत, एका ग्रीक बाईने मला तिच्या गंजक्या डब्यातून सूप पाजलं. तिला माझी भाषा येत नव्हती, मला तिची. तिचं नावसुद्धा मला माहीत नाही. तिच्यावर लिही ना एखादं पुस्तक!

शारी

—

बुडापेस्ट
२७ एप्रिल १९७७

शारी, शारी,

हे चौथं पत्र लिहिते आहे, आधीची तीन फाडली. तू आहेस! पत्र वाचल्यावर मी जिन्यातच बसले. खालच्या मजल्यावरची बाई पाणी घेऊन धावली, तिला वाटलं कोणी गेलं. मी म्हटलं, नाही हो, कोणी आलं.

तू लिहिलंस ते सगळं खरं आहे. दातांचंसुद्धा. मला वाटलं, तू सकाळ बघणार नाहीस. असं वाटलं म्हणू, की वाटून घेतलं म्हणू? तीस वर्षं स्वतःला विचारते आहे. नव्या बराकीत वाडग्याशिवाय गेले असते तर मी दोन दिवसांत संपले असते. हे कारण झालं, सबब नाही. लिहायला बसले तेव्हा सगळं लिहीन असं ठरवलं होतं. त्या पानाशी आले आणि 'लाल' लिहवेना. निळा लिहिलं, आणि पुढचं सगळं सोपं झालं.

मला माफ कर, शारी. आपल्याकडे म्हणतात ना, माणसाचा अपराध माणसानेच माफ करायचा, देव त्यात पडत नाही. मी तुला विचारते आहे. हे पहिल्यांदा.

पुस्तकाचं काय करू ते सुचत नाही. हस्तलिखित ऑगस्टअखेर छापखान्यात जायचं आहे. आता मी म्हणाले की तो प्रसंग बनावट, तर त्या नाकारणाऱ्यांच्या हाती आयतं कोलीत मिळेल. उरलेली तीनशे पानं खरी आहेत गं, एकूण एक खरी. एका पानापायी ती खोटी पडतील.

तू इतकी वर्षं लिहिलं का नाहीस? एक ओळ? तुझं सगळं सांग. नवरा, मुलं, घर. स्वीडनमध्ये खसखशीच्या शेवया मिळतात का?

तुझी
विल्मी

—

बोरोस
२० मे १९७७

विल्मी,

खसखस मिळते, ती इथले लोक पावावर चार दाणे टाकून खातात. मासेसुद्धा गोड करून खातात. तू विचारलंस म्हणून सांगितलं.

मला जुलैमध्ये बोटीने इथे आणलं, पांढऱ्या चादरीत गुंडाळून. दोन वर्षं क्षयाच्या दवाखान्यात होते. मग शर्टांचा कारखाना, तीस वर्षं कॉलर शिवते आहे. नील्स लिंडक्विस्ट त्याच कारखान्यात ट्रक चालवायचा. चांगला माणूस होता, बोलायचा कमी, आणि मला तेच हवं होतं. चार वर्षांपूर्वी गेला. मूल झालं नाही. डॉक्टर म्हणाले, आत काही उरलेलं नाही.

का लिहिलं नाही? ऐक तर मग. शेहेचाळीसच्या मार्चमध्ये दवाखान्यात वाचलेल्यांची यादी आली. नर्स वाचून दाखवत होती. विल्मा हाल्मोश, माको. मी उठून बसले. नर्सने मला कार्ड दिलं, त्यावर तिकीट लावून दिलं. ते कार्ड माझ्या उशीखाली महिनाभर होतं. काय लिहिणार होते? 'प्रिय विल्मी, मी जिवंत आहे, वाडगा परत पाठव'? मी ते फाडलं. आणि स्वतःशी म्हटलं, माझं कोणी जिवंत असतं तर विल्मीने मला शोधलंच असतं. तिने शोधलं नाही, म्हणजे कोणी नाही. ज्या अर्थी शोधत नाही, त्या अर्थी माको रिकामं आहे. मग मी मेलेलीच राहिले. सोपं गेलं.

माफीचं इतक्यात बोलू नकोस. माझा राग बत्तीस वर्षांचा आहे, तो एका पत्राने उठून जाणार नाही. पुस्तकाचं तुझं तू बघ.

पण एक सांग. पहिल्या पत्रात विचारलं, तेव्हा तू म्हणालीस, 'आता' कोणी उरलेलं नाही. दुसऱ्यात तर तो विषयच काढला नाहीस. तुला मी चार वर्षांची असल्यापासून ओळखते. तू काही लपवत असलीस की शेवया-बिवयांचं विचारतेस.

विल्मी, माझे वडील?

शारी

—

बोरोस
३० जून १९७७

सहा आठवडे झाले. इथल्या टपालाचा संप नाही, तुमच्याकडच्याचाही नाही, मी चौकशी केली.

पानभर सुंदर लिहिता येत नसेल तर वाईट लिही. पण लिही.

शा.

—

बुडापेस्ट
९ जुलै १९७७

शारी,

लिपोत काका परत आले होते.

त्यांना ज्यूंच्या सक्तमजुरीच्या पलटणीतून रशियनांनी पकडलं होतं, पंचेचाळीसच्या जूनमध्ये सोडलं. ते माकोला आले, घराची दारं-खिडक्या गेलेली, काकू गेल्याचं तर त्यांना कळलंच होतं. तुझं मात्र कळलं नव्हतं. शेजारच्या बाईने तुझा तपकिरी कोट जपून ठेवला होता, वेलबुट्टीच्या बटणांचा. तो कोट हातावर टाकून काका रोज दुपारच्या गाडीला स्टेशनवर जायचे. उन्हाळ्यात, शारी. लोक म्हणायचे, काका, एवढ्या उकाड्यात कोट? ते म्हणायचे, 'माझी पोर थंडीतून येते आहे.'

मी ऑगस्टमध्ये त्याच गाडीने उतरले. डब्यातून मी एकटीच उतरले, आणि समोर काका. माझ्याकडे बघून हसले, मग माझ्या मागे बघितलं. मागे कोणीच नव्हतं.

मी म्हणू शकले असते, 'काका, मला माहीत नाही.' तेच खरं होतं. मी तुला जिवंत सोडून गेले होते, पुढचं मला खरंच माहीत नव्हतं. पण मग त्यांनी विचारलं असतं, 'म्हणजे तू तिला सोडून आलीस?' आणि ते मला सहन झालं नसतं. म्हणून मी म्हणाले, गेली. माझ्या मांडीवर गेली. मग त्यांनी विचारलं, 'काही म्हणाली का?' त्यांचा चेहरा बघून माझ्या तोंडून ते वाक्य निघालं. तू जग आणि सांग. ते वाक्य पुस्तकासाठी रचलेलं नाही गं. ते माकोच्या फलाटावर रचलं, तुझ्या वडिलांसाठी. आणि थोडं माझ्यासाठीही.

पुढचं सांगते, थांबले तर परत लिहवणार नाही. काका मला रब्बींकडे घेऊन गेले. तुला ठाऊकच आहे, आशा आहे तोवर आपल्यात शोकाला बसत नाहीत, कोणीतरी साक्ष द्यावी लागते. रब्बींनी मला समोर उभं केलं आणि विचारलं, 'पोरी, तू स्वतःच्या डोळ्यांनी तिला मेलेली पाहिलीस?' मी म्हणाले, 'पाहिली.' 'कोणत्या दिवशी?' मी म्हणाले, 'तीन एप्रिल.' तारीख अशीच तोंडाला आली. लोक मला आता साक्षीदार म्हणतात, शाळांमधून बोलावतात, उठून उभे राहतात. मी आयुष्यात दिलेली पहिली साक्ष ती, आणि ती खोटी.

काका सात दिवस जमिनीवर बसले. शर्टाला चीर दिलेली, आरशावर चादर. शोधासाठी एक अर्ज लिहून त्यांनी खिशात ठेवला होता, स्वीडन, स्वित्झर्लंड, सगळीकडे पाठवायचा होता. तो त्यांनी माझ्यादेखत चुलीत घातला. आठव्या दिवशी उठले, आणि स्टेशनवर गेले नाहीत. नंतर कधीच गेले नाहीत. मला रविवारी जेवायला बोलवायचे, घेवड्याच्या दाण्यांचा शोलेत करायचे, करपलेला. आणि दर वेळी म्हणायचे, 'विल्मी, ती काय म्हणाली ते परत सांग.' मी परत सांगायचे.

अठ्ठेचाळीसच्या फेब्रुवारीत झोपेतच गेले; तेव्हापासून तीन एप्रिलची मेणबत्ती मी लावते. त्याआधी त्यांनी दगड करून घेतला होता. ज्यांना कबर नाही त्यांचं नाव घरच्यांच्या दगडावर घालतात, तसं काकूंचं आणि तुझं. तुझ्या नावाखाली तीन एप्रिल. गेल्या वर्षी मी जाऊन गवत काढून आले. अक्षरं चांगली आहेत अजून.

तुझी यादी मार्चमध्ये आली. म्हणजे तेव्हा काका होते. पुढे जवळजवळ दोन वर्षं होते. हे मी तुला लिहू नये असं सहा आठवडे वाटत होतं. पण तू मोजून काढशीलच.

वाडग्याची माफी मागितली ती पोरकट होती. खरी ही आहे. मला माफ कर. हे दुसऱ्यांदा.

विल्मा

—

बोरोस
२१ ऑगस्ट १९७७

विल्मी,

मोजलं. तेवीस महिने.

तुझं पत्र आलं तेव्हा मी आधी फुलदाणी फेकली. नील्सच्या आईची होती, कुरूपच होती, पण फेकली. मग दोन आठवडे तुला अशा शिव्या दिल्या की आपल्या माकोच्या बाजारातल्या बायकांनी कानावर हात ठेवले असते. बाबा जिवंत होते आणि तू त्यांना माझ्या मरणाची गोष्ट सांगत होतीस, दर रविवारी, करपलेल्या शोलेतबरोबर! मी तुझा तिरस्कार केला. अजून थोडा आहे, आणि तो राहणार.

पण मग कारखान्यात एक दिवस मशीनवर बसले असताना ते कार्ड डोळ्यांसमोर आलं. हिरव्या तिकिटाचं. चार शब्द पुरले असते. मी जिवंत आहे, शारी. तू हातात कार्ड घेऊन धावत गेली असतीस काकांकडे, तुझी मान खाली गेली असती, रब्बींनी तुला फाडून खाल्लं असतं, पण तू धावली असतीस. एवढं मी तुला ओळखते. आणि बाबा दुसऱ्याच दिवशी कोट घेऊन स्टेशनवर. मी ते कार्ड का फाडलं? तू नाक घासत शोधत यावंस म्हणून. तुला शिक्षा करायची होती मला. शिक्षा भलत्यालाच झाली.

तू त्यांचं माझी वाट बघणं थांबवलंस, आणि मी त्यांना कळूच दिलं नाही. त्यात तुझं जास्त की माझं, ते मला ठरवता येत नाही. बाबा असते तर त्यांनी दोघींच्या कानाखाली एकेक दिली असती आणि मग जेवायला वाढलं असतं.

तिसऱ्यांदा माफी मागू नकोस. नियम तुला माहीत आहे. तीनदा विचारूनही जो नाही म्हणतो, त्याच्या माथी पाप जातं. माझ्या तोंडून अजून 'हो' निघत नाही, आणि माझ्या माथी आहे तेवढं मला पुरे. म्हणून थांब. मी सांगेन तेव्हा विचार.

आता पुस्तक. आधी म्हणाले तुझं तू बघ, ते मागे घेते. ते पान बदल. लाल लिही. नाडी लिही, दात लिही, रब्बी लिही, अर्ज चुलीत गेला ते लिही. आणि हेही लिही की शारीने यादीत तुझं नाव ऐकलं आणि कार्ड टाकलं नाही. मला वगळून स्वतःवर सगळं ओढून घेऊ नकोस, त्यात पुन्हा तूच मोठी होतेस. त्या ग्रीक बाईला मात्र दोन ओळी दे. नाकारणाऱ्यांचं म्हणशील, तर ते रंग बरोबर असला तरी नाकारणारच आहेत. आपण त्यांच्यासाठी लिहायचं का? मग बाबांसाठी कोण लिहिणार?

सुटी घेतली आहे, व्हिसा मिळाला आहे. प्रायश्चित्ताच्या मोठ्या उपासाच्या आधी लोक कबरीवर जातात तसं मलाही जायचं आहे. मी बुडापेस्टला तुझ्याकडे उतरणार नाही, तुझ्या घरची कॉफीही नको. सात सप्टेंबरला दुपारच्या गाडीने माकोला येते आहे. त्या दगडावरचं माझं नाव कोणाकडून खरवडून घेऊ नकोस. बाबांनी घातलंय ते. मला ते वाचायचं आहे.

तुला यायचं असेल तर ये. पण आता माझे केस पांढरे आहेत आणि मी जाड झाले आहे. तू तरी मला ओळखशील का?

शारी

—

बुडापेस्ट
३० ऑगस्ट १९७७

शारी,

पान बदललं. एकाची अकरा पानं झाली. सोबत प्रत जोडली आहे, तुझ्या नजरेखालून जाऊ दे. कुठे मी स्वतःला सोडवून घेतलं असेल तर तिथे लाल रेघ मार. संपादक डोक्याला हात लावून बसले. म्हणाले, 'बाई, ते एक वाक्य लोकांच्या तोंडी आहे, तेच काढता?' मी म्हटलं, ते त्या मुलीने म्हटलंच नव्हतं, तिला तहान लागली होती. आता तिथे 'पाणी, पाणी' आहे. वाचनमालेतून उतारा जाणार, शाळेची बोलावणीही बंद होतील बहुतेक. होऊ देत. उरलेली पानं आपापल्या पायावर उभी राहतील तर राहतील.

तिसऱ्यांदा विचारत नाही. तू म्हणालीस तसं थांबते.

एक गोष्ट मात्र मी त्या अकरा पानांतही घातली नाही, ती तुला आधी सांगायची होती. सात दिवस बसून उठल्यावर काकांनी तो कोट मला दिला. म्हणाले, 'थंडी येतेय, तुझ्याकडे काही नाही, तूच घाल. तिला आवडलं असतं.' मी तो घेतला, शारी. तुझा वाडगा घेतला आणि तुझा कोटही घेतला, पाच हिवाळे घातला. नंतर घालवेना, टाकवेनाही. तो कपाटात आहे. अस्तर दोनदा बदललं, पण बटणं तीच आहेत.

सात तारखेला माको स्टेशनवर मी आधीपासून उभी असेन. ओळखायची काळजी करू नकोस. सप्टेंबरच्या उन्हात हातावर लोकरी कोट घेऊन उभी राहिलेली म्हातारी तिथे एकच असेल. तुला तो आता अंगात शिरणारही नाही, तरी घे.

गाडीला उशीर झाला तरी मी हलणार नाही.

विल्मी